सतरावं दृश्य

इम्रिख झेलेनाक, वय चौसष्ट,
हिद्दच्या गोदीत माझ्यासमोरच्या टेबलावर बसायचा.
हुद्दा: लेखक (सुरक्षा).
कंसातला शब्द त्याला भारी आवडे.
म्हणे, लेखक आयुष्यभर होतो,
सुरक्षा इथेच मिळाली.

मी दाभोळचा, शमसुद्दीन परकार, टायपिस्ट.
त्याच्या मोडक्या इंग्रजीची हिंदी करायचो
आणि त्या हिंदीला गळाही माझाच.
रोज सकाळी सहाला, बसमधून उतरलेल्या
झोपाळू माणसांना मी पडद्यामागून सांगायचो,
भाइयों, पट्टा बाँधिए.

कारकीर्द त्यानं हप्त्याहप्त्यानं सांगितली,
एसीचं पाणी डब्यात ठिबकत असताना.
ब्रातिस्लाव्हा, टेकडीवरचा स्टुडिओ, सहा पटकथा.
दोन पडद्यावर गेल्या, तीन कपाटात,
एक कुणी वाचायला म्हणून घरी नेली
ती नेलीच.
मग रणगाडे आले.
रणगाड्यांबद्दल तो एवढंच बोले:
आवाज फार. संवाद ऐकू येईनात.

त्यानंतर वीस वर्षं कळसूत्री बाहुल्या.
साळिंदर, कोल्हा, टोपी हरवलेला पोस्टमन.
लाकडाच्या तोंडी काहीही घालता येतं, म्हणे,
तपासणारे साहेब लाकडाला घाबरत नाहीत.
पुढे देशाचेच दोन झाले, स्टुडिओ विकला,
शिपायांचे शंभर डगले किलोवर गेले.
भाचा इथं क्रेनवर होता, म्हणून हा इथं;
बरोबर एक टाइपरायटर,
अक्षरांच्या डोक्यावर टिकल्या नि पिसं.
मी म्हटलं, आमच्यात ह्यांना मात्रा म्हणतात.
त्या दिवशीचा करक चहा त्याच्याकडून.

ऑगस्टात परांचीवरून एक रंगारी पडला.
श्रीकाकुळमचा, अप्पन्ना नावाचा.
साहेब म्हणाले, नवी फिल्म हवी, नऊ मिनिटं.
इम्रिख आठवडाभर गोदीत फिरत राहिला,
उन्हात, टोपी हातात धरून,
प्रत्येकाला एकच विचारत:
पडण्याआधी तो काय करत होता?
कुणी म्हणालं रंग. कुणी म्हणालं, ठाऊक नाही.
एक पोरगा म्हणाला,
समुद्राकडे बघत होता, साहेब. जरासं.

पटकथेत सतरावं दृश्य असं होतं:
बाहेर. सकाळ. शिडी.
माणूस हूक हातात घेतो.
समुद्राकडे बघतो. चार सेकंद.
हूक अडकवतो.

साहेब म्हणाले, हे चार सेकंद कशाला?
त्यात शिकवण काय?
इम्रिखनं चष्मा पुसला.
म्हणाला, हूक नीट दिसावा म्हणून.
साहेबांनी सही केली.

संध्याकाळी मुहर्रकच्या इराण्याकडून
गरम रोटी घेऊन बंधाऱ्यावर बसलो, तेव्हा म्हणाला,
पहिल्या पटकथेतही सतरावंच होतं.
शिडीवरची बाई, हातात बल्ब, खिडकीबाहेर बघते.
त्यांनी कापलं.
विचारलं होतं, ती काय बघते? पश्चिम?
मला ठाऊक नव्हतं, शमसू. अजूनही नाही.
भरती येत होती. त्यानं रोटीचा करपलेला भाग मला दिला,
मला आवडतो म्हणून.

दोन वर्षांनी तो गेला, भाच्याबरोबर, गुडघे धरून.
टाइपरायटर जास्त वजनाचा ठरला, विमानतळावरच राहिला.
फिल्मवर त्याचं नाव नाही. माझंही नाही.
दाभोळला पोरं विचारतात,
चाचा, तुम्ही पिच्चरमध्ये होता म्हणे?
मी म्हणतो, होतो. दिसत नाही.

पण पुढे अकरा वर्षं ती फिल्म चालली,
आणि मी मागे उभा राहून पाहिलंय:
पट्टा, हेल्मेट, बूट, सगळ्यावर जांभया,
आणि सतराव्या दृश्याला
माझा आवाज थांबतो तेव्हा
बाकांवरची माणसं गप्प होतात.
कुणी पडद्याकडे बघतं.
कुणी दरवाजाच्या फटीतून बाहेर,
जिथे खरा समुद्र आहे.
चार सेकंद.
मग मीच म्हणतो, आता हूक.